सुगीची सुगी आलीच नाही

प्रश्न लांबलचक होता, म्हणून आधी माझ्या शब्दांत मांडतो. तुम्ही टोकियोत निशि-कासाईला राहता, आयटीत आहात. मार्चमध्ये ऑफिसातल्या एका जपानी सहकाऱ्याबरोबर मिताके डोंगरावर गेलात. देवळाच्या वाटेवर दोरखंड गुंडाळलेला एक जुना वृक्ष दिसला, तिथे त्याने थांबून मान लववली. पाच मिनिटांनी समोरच्या हिरव्यागार डोंगराकडे बोट दाखवून, मास्कच्या आतून नाक ओढत तो म्हणाला, "हे सगळं एकदा कापून टाकायला पाहिजे." तुम्ही चक्रावलात. आता तुम्हाला तीन गोष्टी कळून घ्यायच्या आहेत. जपानी माणसाचं निसर्गप्रेम ही नुसती जाहिरात आहे का? तसं असेल तर एवढ्या दाट वस्तीच्या देशात 67 टक्के जमीन जंगलाखाली राहिली कशी? आणि आपल्या सह्याद्रीसाठी यातून काही घेण्यासारखं आहे का?

मी दापोलीला वनशास्त्र शिकलो, 2009 मध्ये इकडे आलो, आणि तेव्हापासून 'की' नावाच्या द्वीपकल्पात आहे. नारा, मिए आणि वाकायामा या तीन प्रांतांचा डोंगराळ पट्टा. माझं काम दोन प्रकारचं. खाजगी रानांच्या हद्दी शोधून मोजायच्या आणि कुठल्या तुकड्यातून किती झाडं काढायची याचा आराखडा करायचा. त्यामुळे मी सांगतो ते याच पट्ट्याच्या अनुभवावरून. होक्काइदोचं रान, उत्तरेकडची बुनाची, म्हणजे बीच वृक्षांची, जंगलं, ओकिनावा, यांची गोष्ट निराळी आहे, त्यात मी शिरत नाही.

प्रेमाचं नंतर बघू. आधी त्या दिवशी तुमच्या डोळ्यांसमोर काय होतं ते ठरवू. ते बहुतेक जंगल नव्हतं. आपल्याकडचं वनखातं ज्याला 'रोपवन' म्हणतं ते होतं. जपानमध्ये साधारण अडीच कोटी हेक्टर वनक्षेत्र आहे आणि त्यातलं जवळजवळ एक कोटी हेक्टर माणसांनी हातांनी लावलेलं आहे. त्यातही चाळीस टक्क्यांहून जास्त एकाच झाडाचं, सुगीचं. त्याखालोखाल हिनोकी, तोही सूचिपर्णीच. सुगीला इंग्रजीत देवदार म्हणून खपवतात, पण तो आपल्या हिमालयातल्या देवदाराचा सख्खा कुणी नव्हे. सरळसोट खोड, उभ्या पट्ट्यांनी सुटणारी तांबूस साल, टोचणारी आखूड पानं. हे नाव पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला गंमत वाटली होती, कारण आपल्याकडे सुगी म्हणजे पीक घरात येण्याचे दिवस. पुढे या झाडाचा इतिहास कळत गेला तशी ती गंमत कमी झाली.

पुढच्या वेळी लांबून डोंगर बघू नका, वाट सोडून वीस पावलं आत जा. निगा न राखलेलं सुगीचं रान आतून कसं असतं सांगतो. भर दुपारी बाराला मोबाइलची बत्ती लावाविशी वाटेल इतका काळोख. खोडं मनगटाएवढी, फार तर मांडीएवढी, पण उंची पंधरा-वीस मीटर, सगळी एकाच वयाची, एकमेकांना खेटून. खालच्या फांद्या वाळून काटक्या झालेल्या, हिरवं काय ते शेंड्याला मूठभर. पक्ष्याचा आवाज नाही. खाली गवत नाही, झुडूप नाही, आणि जमिनीवरची माती पावसाने वाहून गेल्यामुळे मुळं म्हाताऱ्या माणसाच्या हातावरच्या शिरांसारखी उघडी पडलेली. उपग्रहाला हे सगळं हिरवंच दिसतं, आणि त्या 67 टक्क्यांत हेही धरलेलं असतं.

हे असं का झालं, याचं उत्तर युद्धानंतरच्या वीस वर्षांत आहे. युद्धात आणि युद्धाआधी डोंगर ओरबाडले गेले होते. त्यानंतर जळलेली शहरं पुन्हा उभी करायची, तर लाकूड हवं. वादळात उघडे डोंगर खाली येत होते, गावं वाहून जात होती. म्हणून पन्नाशीच्या दशकात सरकारने मोठी मोहीम काढली: उघड्या जागी लावाच, पण सरपणाची जुनी पानझडी रानं आहेत तीही तोडून तिथे सुगी-हिनोकी लावा. अनुदान मिळालं. शाळेतली पोरं, बायका, म्हातारे, सगळे पाठीवर रोपांच्या मोळ्या घेऊन डोंगर चढले. हेक्टरी तीन हजार रोपं हा नेहमीचा हिशेब. आमच्या शेजारच्या योशिनोत तर आठ-दहा हजार, कारण तिथे पाचशे वर्षांपासून दाट लावून पुन्हापुन्हा विरळणी करत बारीक वर्तुळांचं लाकूड तयार करायची पद्धत आहे. लावल्यावर पाच-सहा उन्हाळे, ऐन जुलै-ऑगस्टमध्ये, दर वर्षी गवत कापायचं. मग फांद्या छाटायच्या. मग दर काही वर्षांनी विरळणी. चाळीस-पन्नास वर्षांनी सुगी. आपल्या मराठी अर्थाने.

ती आली नाही. 1964 मध्ये परदेशी लाकडाची आयात पूर्ण खुली झाली. फिलिपाइन्सचं, मग बोर्निओचं, अमेरिकेचं, रशियाचं लाकूड स्वस्तात, हवं तेवढं आणि एकसारख्या मापाचं बंदरात उतरू लागलं. 1955 च्या सुमाराला देशाची जवळजवळ सगळी गरज घरच्या लाकडावर भागत होती. 2002 मध्ये घरच्या लाकडाचा वाटा एकोणीस टक्क्यांच्या आसपास आला. आता तो पुन्हा चाळीसच्या वर गेला आहे, पण मधल्या चाळीस वर्षांत गावं रिकामी झाली. उभ्या सुगीचा भाव 1980 मध्ये घनमीटरला सुमारे 22,700 येन होता. अलीकडच्या वर्षांत तो तीन-चार हजारांवर घुटमळतोय. रानात काम करणारी माणसं 1980 ला सुमारे एक लाख सेहेचाळीस हजार होती, 2020 ला चव्वेचाळीस हजार उरली. झाडं मात्र वाढतच राहिली. 1966 पासून देशातल्या उभ्या लाकडाचा साठा जवळपास तिप्पट झालाय.

तेव्हा "जंगल राहिलं कसं" याचं निम्मं उत्तर कडू आहे. ते राहिलं कारण त्याची गरज संपली आणि कुऱ्हाड दुसऱ्याच्या डोंगरावर गेली. फिलिपाइन्समधल्या लुझोनच्या आणि बोर्निओतल्या सारावाकच्या डोंगरांनी जपानचे डोंगर हिरवे ठेवले. निसर्गप्रेमावरची भाषणं ऐकताना मला हे नेहमी आठवतं.

आता तुमच्या सहकाऱ्याच्या नाकाकडे येऊ. सुगीला पंचवीस-तीस वर्षांनंतर भरपूर नरफुलं येऊ लागतात. फेब्रुवारीत फांद्यांची टोकं तांबूस-पिवळी होतात, वारा सुटला की अख्ख्या डोंगरातून पिवळा धूर निघाल्यासारखा दिसतो. सुगीच्या परागांमुळे होणाऱ्या त्रासाची पहिली नोंद टोकियोच्या उत्तरेच्या निक्कोमधून 1964 ला प्रसिद्ध झाली. आयात खुली झाली तेच वर्ष, हा निव्वळ योगायोग, पण मला तो विसरता येत नाही. 2019 च्या पाहणीत दहातल्या जवळजवळ चार जणांना सुगीचा त्रास होता. 2023 मध्ये सरकारने ठरवलं की दहा वर्षांत सुगीच्या रोपवनांचं क्षेत्र वीस टक्क्यांनी कमी करायचं आणि तीस वर्षांत पराग निम्म्यावर आणायचे. मग कापत का नाहीत? तुम्ही विचारलं नाहीत, पण हा प्रश्न मला दर वसंतात कुणी ना कुणी विचारतं, म्हणून सांगतो.

उतार हे एक कारण. पस्तीस-चाळीस अंशांच्या चढावरून लाकूड खाली आणायला रस्ता नाही, आणि रस्ता करायला गेलात तर मुसळधार पावसात तोच डोंगर घेऊन खाली येतो. दुसरं कारण माणसं. हे काम धोक्याचं आहे, इथल्या सगळ्या उद्योगांच्या सरासरीच्या दहापट अपघात होतात. कापलेलं झाड शेजारच्या झाडात अडकून राहतं, ते सोडवताना माणसं जातात. दाट रानात हे रोजचंच. पण माझ्या मते सगळ्यात मोठं कारण तिसरं आहे: झाड कोणाचं हेच माहीत नसणं. देशातलं निम्म्याहून जास्त रान खाजगी आहे आणि त्याचे तुकडे लहान लहान आहेत. वारसनोंद करण्याची सक्ती 2024 च्या एप्रिलपर्यंत नव्हती. इथल्या सातबाऱ्यावर, म्हणजे त्याच्यासारख्या नोंदवहीत, पणजोबांचं नाव तसंच असतं आणि त्यांच्या मागे चाळीस वारस देशभर पांगलेले असतात. भावकीचा घोळ आपल्याला नवा नाही. आपल्याकडे निदान भावकी भांडते तरी! इथे ती फोनच उचलत नाही.

2016 मध्ये एका गावात मी हद्दी मोजत होतो. एक आजोबा दाखवायला आले, वय ब्याऐंशी. कमरेला कोयता, पायात अंगठा वेगळा असलेले कापडी बूट. चढावर ते पुढे आणि मी धापा टाकत मागे. त्या काळोख्या रानात मला सगळी खोडं सारखीच दिसत होती. ते एका झाडाजवळ थांबले, सालीवर थाप मारून म्हणाले, "हा हिनोकी बघ." सगळ्या सुगींमध्ये तो एकटाच हिनोकी. हद्दीची खूण म्हणून मुद्दाम दुसऱ्या जातीचं झाड लावायची इथली जुनी पद्धत आहे. "इथपासून त्या पांढऱ्या दगडापर्यंत आमचं. तिथून ओहोळ धरून खाली." हे रान त्यांनी वडिलांबरोबर 1957 ला लावलं होतं, मुलगा झाला त्या वर्षी. त्याच्या शिक्षणाला, लग्नाला, घराला लाकूड होईल म्हणून. मुलगा ओसाकात. मी विचारलं, त्यांना ही हद्द माहीत आहे का? आजोबा हसले आणि पुढच्या खुणेकडे चालू लागले. मी यंत्रात खूण नोंदवत राहिलो. अशी माणसं दर वर्षी कमी होतात आणि त्यांच्याबरोबर तो हिनोकीही, म्हणजे त्याचा अर्थ, नाहीसा होतो. डोंगरातल्या जमिनीची सरकारी मोजणी अजून निम्म्याच्या आसपासच झाली आहे.

तुमच्या लक्षात आलं का माहीत नाही, पण 2024 पासून तुम्हीही या रानांसाठी पैसे भरताय. रहिवासी कराबरोबर माणशी वर्षाला हजार येन 'वन-पर्यावरण कर' कापला जातो. पगाराची चिठ्ठी नीट बघा. त्यातलेच काही पैसे अशा मोजण्यांवर खर्च होतात.

आता प्रेमाचं. पूर्वी तरी होतं का? जुन्या काळातही जंगल तोडायला कुणी मागेपुढे पाहिलं नव्हतं. क्योतोजवळच्या ओत्सुच्या दक्षिणेला तानाकामी नावाचे डोंगर आहेत. सातव्या-आठव्या शतकात राजधान्या आणि देवळं बांधायला तिथला हिनोकी गेला, आणि ते डोंगर हजार वर्षं बोडकेच राहिले. मेइजी काळापासून, म्हणजे 1868 नंतर, तिथे उतारांवर पायऱ्या खोदून पाइन लावायचं काम सुरू झालं ते शंभर वर्षांहून जास्त चाललं. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला किल्ले आणि शहरं बांधण्याच्या धडाक्यात मध्य जपानचे डोंगरही तसेच उघडे पडू लागले. मग धाक आला. 1666 मध्ये शोगुनच्या, म्हणजे लष्करी सत्ताधीशाच्या, सरकारने हुकूम काढला: नदीकाठची झाडंमुळं उपटू नका, उघड्या जागी रोपं लावा. किसो खोऱ्यात ओवारीच्या सरदारांनी 1665 पासून रानं बंद केली, पुढे हिनोकीसह पाच जातींच्या झाडांना हात लावायला मनाई आली. तिथली म्हण आजही सांगतात: एक हिनोकी, एक मुंडकं. त्याच खोऱ्यातल्या आकासावाच्या रानात आज तीनशे वर्षांचे हिनोकी बघून लोक हरखतात. ती त्या तोडीनंतर उगवलेली आणि त्या धाकाखाली वाढलेली झाडं आहेत.

आणखी एक गंमत. 'शिनरिन-योकू', म्हणजे वनस्नान, ही प्राचीन जपानी परंपरा असल्याचं तुम्ही कुठे ना कुठे वाचलं असेलच. तो शब्द 1982 चा आहे. वनखात्याच्या तेव्हाच्या प्रमुखांनी काढला, आणि पहिला कार्यक्रम याच आकासावात झाला. उपक्रम चांगला आहे, मीही जातो. पण परंपरा म्हणून विकला जातो तेव्हा हसू येतं.

मग गावकऱ्यांचं नातं कसलं होतं? माझ्या समजुतीप्रमाणे ते गरजेचं, हिशेबाचं आणि थोड्या भीतीचं होतं, आणि याला मी कमी लेखत नाही. गावामागच्या डोंगरावर सामायिक हक्क असे, त्याला 'इरिआइ' म्हणतात. सरपण कोणत्या दिवसापासून तोडायचं, कोणत्या अवजाराने, एका घराने किती मोळ्या न्यायच्या, सगळं ठरलेलं. कोनारा आणि कुनुगी ही ओक जातीची झाडं पंधरा-वीस वर्षांनी बुंध्यातून कापायची, खुंटाला फुटवे येऊ द्यायचे, पुन्हा कापायची. त्याचा कोळसा पाडायचा. पालापाचोळा गोळा करून शेतात. आपल्याकडे राबासाठी कवळं तोडतात तसंच, फक्त इथे जाळत नसत, कुजवत. अशा रानाला आज 'सातोयामा' म्हणतात. ते सुंदर दिसायचं ते माणूस सतत त्यातून काही ना काही उचलत होता म्हणून. खाली ऊन पोचायचं, फुलं यायची, पाइनखाली मात्सुताके अळंबी यायची. 1941 मध्ये देशभरात बारा हजार टन मात्सुताके निघाली होती. आता शंभर टनसुद्धा निघत नाहीत. पाइनला लागलेल्या सूत्रकृमीच्या रोगाचा त्यात वाटा आहे, पण पाचोळा उचलणं थांबलं हेही तेवढंच मोठं कारण.

साठीच्या दशकात गॅस आला, रासायनिक खत आलं, आणि डोंगरात जायचं कारणच उरलं नाही. कोनारा म्हातारे झाले. जाड खोडांत पोखरणारा एक बारीक भुंगा आहे, तो आपल्याबरोबर बुरशी नेतो आणि ऐन ऑगस्टमध्ये अख्खं झाड तांबडं पडतं. कोवळ्या फुटव्यांना तो फारसा शिवत नाही. हरणं वाढली, ती उगवलेलं सगळं खातात. गाव आणि खोल रान यांच्या मधला उघडा पट्टा बुजला, त्यामुळे उत्तरेत अस्वलं थेट परसात येऊ लागली. 2023-24 या आर्थिक वर्षात अस्वलांच्या हल्ल्यांत 219 माणसं सापडली, सहा दगावली. 2025 तर त्याहून वाईट गेलं, इतकं की त्या वर्षाची ओळख सांगणारं चित्राक्षर म्हणून 'अस्वल' निवडलं गेलं.

म्हणजे एका रानाचं दुखणं दाटी, दुसऱ्याचं म्हातारपण, आणि दोन्हीचं मूळ एकच: माणूस मधूनच उठून निघून गेला. तुमचा सहकारी बरोबर आहे तो इथपर्यंत. "सगळं कापा" हे मात्र मला पटत नाही. माझ्या आराखड्यांत एकाच गावात तीन वेगळे निर्णय असतात. रस्त्याजवळचं, मंद उताराचं, चांगल्या मातीचं रान असेल तर सुगीच ठेवा, विरळणी करा, विका, कमी पराग देणाऱ्या जातीची रोपं पुन्हा लावा. उंचावरचं, रस्ता नसलेलं असेल तर दोन-तीन टप्प्यांत विरळ करत जा आणि आजूबाजूला बी देणारी जुनी झाडं असतील तर पानझडी रान आपसूक येऊ द्या. पण हरणं जास्त असतील तर आपसूक काहीच येत नाही, नुसते नेचे माजतात. तिथे कुंपणाचा खर्च धरा नाहीतर हात लावू नका. आणि काही घळी अशा असतात की तिथे मी लिहितो, "काही करू नये." विरळणी हा रामबाण आहे असं मी कधीच सांगणार नाही. 2011 च्या सप्टेंबरमधल्या वादळात नाराच्या कामिकितायामात काही दिवसांत 1,800 मिलिमीटरच्या वर पाऊस पडला. डोंगर मुळांच्या कितीतरी खालून, खडकासकट सुटले. नीट राखलेली रानंही त्यात गेली. मी तेव्हा इथे दोन वर्षांचा नवखा होतो, आणि पुस्तकात वाचलेलं बरंच काही त्या आठवड्यात गळून पडलं.

भीतीचा उल्लेख केला, तो राहिला. इकडच्या डोंगरात 'यामा-नो-कामी' म्हणजे डोंगराची देवी असते. ती कुरूप आणि मत्सरी आहे अशी समजूत. तिला ओकोझे नावाचा भयंकर ध्यान दिसणारा मासा वाहतात, आपल्यापेक्षा कुणीतरी वाईट दिसतं हे पाहून ती खूश होते म्हणे. तिच्या दिवशी रानात जायचं नाही. आमच्या पट्ट्यात बहुतेक ठिकाणी तो सातवा दिवस, उत्तरेत बारावा. पहिल्या वर्षी मोजणी मागे पडली होती म्हणून मी म्हटलं, मी एकटा जाऊन येतो. आमचे मुकादम चेनसॉ शिकवताना कधी आवाज चढवत नसत, पण त्या दिवशी म्हणाले, "आज ती झाडं मोजते. तुलाही झाड समजून मोजेल." मी गेलो नाही. कोकणातल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. आमच्या गावच्या देवराईतली काटकी घरी आणली तर आजी ती परत ठेवून यायला लावायची.

देवळाभोवतीची रानं, 'चिंजु-नो-मोरी', ही इथली देवराईच. त्यांनाही सरकारी धोरणाने तडाखा दिला होता. 1906 मध्ये छोटी देवळं मोठ्यांत विलीन करायचा हुकूम निघाला, देवळं गेली की झाडं लाकूडवाल्यांना. आमचे मिए आणि वाकायामा यात सगळ्यात जास्त भरडले गेले. तानाबेचा मिनाकाता कुमागुसु हा विक्षिप्त, अफाट वाचलेला निसर्गअभ्यासक त्याविरुद्ध उभा राहिला, 1910 मध्ये त्यासाठी कोठडीतही बसला. कुमानोच्या तीर्थवाटेवर नोनाका इथे आज जे मूठभर प्रचंड सुगी उभे आहेत ते त्याच्यामुळे वाचले. त्यांच्या फांद्या एकाच बाजूला, दक्षिणेला, नाचीच्या देवस्थानाच्या दिशेने वळलेल्या आहेत. सुगीचा राग आलेल्या माणसाला मी तिथे घेऊन जातो. तीच जात, पण हवेशीर आणि वयात आलेली. आपल्याकडे पुण्या-मुंबईत मियावाकी वनांचं पेव फुटलंय, ते ज्यांच्या नावाने ओळखलं जातं ते जपानी वनस्पतितज्ज्ञ आकिरा मियावाकी याच देवळांच्या रानांवरून शिकले होते. त्यांचा आग्रह होता तो त्या जागेच्या मूळ झाडांचा. आपण कधीकधी नुसती दाट लावण्याची कृती उचलतो, आणि दाटीचं पुढे काय होतं ते वर लिहिलंच आहे.

टोकियोतच बघायचं असेल तर मेइजी देवळाचं सत्तर हेक्टर रान बघा. ते मुळात रान नव्हतंच, 1915 ते 1920 या काळात देशभरातून आलेली सुमारे एक लाख झाडं लावून केलेलं आहे. पंतप्रधान ओकुमांना तिथे निक्कोसारखे भव्य सुगी हवे होते. होंदा सेइरोकु आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आकडे मांडून नकार दिला: टोकियोच्या मातीत आणि धुरात सुगी जगणार नाही, इथले कुसु, शिइ, काशी हे सदाहरित वृक्षच टिकतील, आणि दीडशे वर्षांत हे रान स्वतःचं स्वतः चालेल. पंतप्रधानांना नाही म्हणणारे वनतज्ज्ञ, म्हणून मला हा किस्सा फार आवडतो. सकाळी लवकर गेलात तर लांब दांड्याच्या मोठ्या झाडूने वाट झाडणारे लोक दिसतील. ते काय करतात ते बघा. गोळा केलेला पाला कचऱ्याच्या गाडीत जात नाही, तो कडेच्या झाडांखाली परत टाकतात. शंभर वर्षं हे चाललंय. जंगलाशी नातं म्हणजे काय असं मला कुणी विचारलं तर मी त्या झाडूवाल्यांचं नाव घेईन.

सह्याद्रीसाठी काय घ्यावं यावर मी जपून बोलेन. तिथला पाऊस वेगळा, चराई आणि वणवे वेगळे, गरज अजून संपलेली नाही. "न कापल्याने रान बिघडतं" हे वाक्य इथल्या लावलेल्या आणि वापरातल्या रानांपुरतं खरं आहे. ते उचलून घाटावरच्या मूळ जंगलाला लावू नका, त्याचा फायदा घेणारे टपून बसलेत. मात्र गावाकडे तुमच्या नावावर किंवा आजोबांच्या नावावर डोंगरातला एखादा तुकडा असेल, तर पुढच्या सुट्टीत हद्द माहीत असलेल्या माणसाला घेऊन तो एकदा पायी फिरून या. झाडं कुठली लावायची ते नंतर.

ते आजोबा 2021 ला गेले. हद्दीची मोजणी झालेली असल्याने गेल्या हिवाळ्यात त्या तुकड्याची विरळणी करता आली, तीनातलं एक झाड काढलं. सहीसाठी ओसाकाच्या मुलाला फोन केला तेव्हा त्यांचा पहिला प्रश्न होता, "ते रान नक्की कुठे आहे?" मार्चमध्ये ते स्वतः बघायला आले. मुलगा कसला, तेही आता सत्तरीच्या घरात. मास्क, वरून बंद चष्मा, खिशात गोळ्या. मलाही इथे आल्याच्या सातव्या वर्षापासून हा त्रास आहे, त्यामुळे माझीही तीच सजावट. जमिनीवर पहिल्यांदाच उन्हाचे कवडसे पडले होते आणि त्यात बोटभर उंचीचं काहीतरी उगवून आलं होतं. त्यांनी विचारलं, "आमचं कुठपासून?" मी तो एकटा हिनोकी दाखवला. त्यांनी त्याच्या सालीवर हात ठेवला, मोबाइलमध्ये ती जागा साठवून घेतली, आणि मग आम्ही दोघं शिंकत शिंकत खाली उतरलो.